नाकारलेल्या मनिऑर्डरी

आमच्या घरी बिस्किटांचा एक जुना पत्र्याचा डबा आहे. त्यात बिस्किटे कधी काळी असतील. मला आठवतात ते त्यातले कागद. परत आलेल्या मनिऑर्डरींचे फॉर्म आणि त्यांवर पोस्टमनने लिहिलेला शेरा, ‘घेण्यास नकार’. प्रत्येकावर रक्कम एकच, ३८ रुपये. पाठवणारे माझे वडील, अण्णा. नकार देणारे आमच्या दुकानाचे मालक.

हे मालक राहत होते कुठे, तर गिरगावात आमच्या वह्या-पुस्तकांच्या दुकानाच्या बरोबर वर, दुसऱ्या मजल्यावर. जिन्याच्या चाळीस पायऱ्या चढल्या की त्यांचे दार. पण अण्णांचे ३८ रुपये आधी पोस्टात जात, तिथून पोस्टमनच्या पिशवीतून त्याच इमारतीत येत, जिना चढत आणि तसेच खाली उतरत. चार-आठ दिवसांनी पैसे पुन्हा अण्णांच्या हातात पडत. पुढच्या महिन्यात पुन्हा तेच.

लहानपणी मला दोन प्रश्न पडत. घरबसल्या पैसे येत असताना हा माणूस नको का म्हणतो? आणि तो नको म्हणत असताना आमचे अण्णा पुन्हा पुन्हा का पाठवतात? पुढे मी इतिहास शिकवू लागलो. राजेराजवाड्यांच्या तहांची कलमे विद्यार्थ्यांकडून पाठ करून घेतली. पण आमच्या घराचे भवितव्य ज्या कलमांनी ठरवले ती मात्र निवृत्तीनंतरच वाचली. तेव्हा त्या दोन प्रश्नांची उत्तरे मिळाली. ती आपल्याला सांगायची तर थोडे मागे जावे लागेल.

भाड्याचा कायदा येण्यापूर्वी दुकानाची भाड्याची जागा हा सरळ कराराचा मामला होता. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याप्रमाणे महिनेवारी भाडेकरूला पंधरा दिवसांची नोटीस दिली की मालकाचे काम भागे. कारण सांगण्याची गरज नव्हती. दुकानदाराने वीस वर्षे तिथे बसून गिऱ्हाईक जमवले असेल, त्याच्या नावावर तो कोपरा ओळखला जात असेल, कायद्याला त्याच्याशी कर्तव्य नव्हते.

मग पहिले महायुद्ध आले. मुंबईच्या गिरण्या जोरात चालू लागल्या. माणसांचा लोंढा शहरात आला आणि बांधकामाचे सामान महागल्यामुळे नवी घरे उठेनात. भाडी भडकली. तेव्हा १९१८ साली मुंबई सरकारने युद्धकाळापुरता भाडेनियंत्रणाचा कायदा केला. आपल्या देशातला हा अशा प्रकारचा पहिला कायदा. त्याच्या नावातच ‘युद्धकालीन निर्बंध’ असे शब्द होते. म्हणजे आजारपणापुरते औषध. युद्ध संपल्यावरही काही वर्षे मुदतवाढ मिळत गेली आणि अखेर ते निर्बंध उठले.

दुसरे महायुद्ध आले आणि औषधाची बाटली पुन्हा काढली गेली. १९३९ आणि १९४४ चे कायदे झाले आणि त्यांच्या जागी १९४७ चा मुंबई भाडेनियंत्रण कायदा आला. तो १३ फेब्रुवारी १९४८ पासून लागू झाला. हाही मुदतीचाच कायदा होता. पण फाळणीनंतर निर्वासितांची भर पडलेल्या मुंबईत जागेची टंचाई काही संपली नाही आणि कायद्याची मुदत वाढतच गेली. दोन-चार वर्षांसाठी आलेला पाहुणा अर्धे शतक राहिला.

या कायद्याने दोन गोष्टी केल्या. पहिली म्हणजे भाडे गोठवले. १ सप्टेंबर १९४० रोजी जागेचे जे भाडे होते ते तिचे ‘प्रमाणभूत भाडे’. जागा त्यानंतर प्रथमच भाड्याने दिलेली असेल तर पहिल्या वेळचे भाडे. त्यावर करांच्या वाढीसारखी काही ठरावीक वाढ तेवढी चाले. दुसरी गोष्ट, भाडेकरूला संरक्षण दिले. प्रमाणभूत भाडे भरण्याची ज्याची तयारी आहे, त्याला कायद्यात सांगितलेल्या कारणांखेरीज काढता येणार नाही, असे बाराव्या कलमाने बजावले. मात्र सहा महिन्यांचे किंवा अधिक भाडे थकले, नोटीस मिळाली आणि महिनाभरात ते भरले नाही, तर संरक्षण गेले.

आता अण्णांच्या डब्याचा अर्थ लागतो. मालकाने भाडे घ्यायचे थांबवले म्हणून भाडेकरू स्वस्थ बसला तर सहा महिन्यांत तोच थकबाकीदार ठरायचा. परत आलेली मनिऑर्डर म्हणजे ‘माझी तयारी होती’ याचा पुरावा. पैसे परत येत होते. पण अण्णा खरे तर पैसे पाठवतच नव्हते, ते पावत्या जमवत होते.

मालकाला जागा परत हवी असेल तर त्या कायद्याच्या तेराव्या कलमात कारणांची यादी होती. मुंबईतल्या हजारो दुकानदारांचे दिवस या यादीच्या धाकात गेले. मालकाच्या लेखी संमतीवाचून पक्के बांधकाम केले तर जागा जाई. मग पोटमाळा पक्का की तात्पुरता? तो भिंतीत रोवलेल्या तुळयांवर आहे की नुसता खांबांवर टेकलेला? यावर साक्षी होत. (पुढे १९९९ च्या कायद्याने लाकडी पार्टिशन, ओटा, खोटे छत, वातानुकूलन यंत्र, धुराडे यांना पक्के बांधकाम म्हणू नये, असे कलमातच लिहून ठेवले. कायद्याला ओट्याचे नाव घ्यावे लागते, यावरून वाद किती बारीक झाले होते हे कळते.)

जागा दुसऱ्याला पोटभाड्याने दिली तरी जाई. म्हणून पोटभाडेकरूला कागदोपत्री भागीदार करण्याची युक्ती निघाली. मग ही भागीदारी खरी की मुखवटा, दुकानाचा खरा ताबा कोणाकडे, हिशेबाच्या वह्या कोण लिहितो, गल्ल्यावर कोण बसतो, हे कोर्टाला तपासावे लागे. आणि जागा वाजवी कारणाशिवाय सलग सहा महिने वापरली नाही तरी जाई. अण्णांना १९७२ साली कावीळ झाली. तेव्हा शाळेतून आलो की दप्तर टाकून मी दुकान उघडून बसत असे. विक्री झाली नाही तरी फळ्या निघाल्या पाहिजेत, दिवा लागला पाहिजे, असे त्यांनी अंथरुणातून बजावले होते. मला वाटे, किती हा धंद्याचा ध्यास! तो धंद्याचा नव्हता, कलमाचा होता.

आमच्यावरचा दावा १९६८ सालचा. कारणे दोन. एक, आम्ही घातलेला पोटमाळा. दुसरे आणि खरे कारण म्हणजे मालकांची स्वतःची गरज. त्यांचा बावीस वर्षांचा मुलगा नुकताच पदवीधर झाला होता. त्याला विजेच्या सामानाचे दुकान काढून द्यायचे होते. मुंबई शहरात असे दावे लघुवाद न्यायालयात चालतात. धोबीतलावच्या त्या इमारतीत मी अण्णांचा डबा घेऊन कितीतरी वेळा गेलो आहे. लांब व्हरांडे, काळे कोट, आणि बाकांवर बसलेली, एकमेकांकडे पाहायचे टाळणारी माणसे. अनेकदा मालक आणि अण्णा एकाच बसने तिथे येत आणि एकाच बसने परत जात. बसमध्ये ते बोलत नसत.

स्वतःच्या गरजेच्या दाव्यात कोर्टाला दोन प्रश्न सोडवावे लागत. मालकाची गरज खरी आणि वाजवी आहे का? आणि खरी असली तरी जागा गेल्याने भाडेकरूचे जास्त हाल होतील की न मिळाल्याने मालकाचे? म्हणजे तराजूच्या दोन पारड्यांत दोन संसार ठेवायचे. इथे अण्णांना एक गोष्ट सांगायची होती आणि ती सांगता येत नव्हती. १९५२ साली जागा घेताना त्यांनी मालकांना ३,००० रुपये पागडी दिली होती. आईच्या पाटल्या मोडून. पण पागडी घेणे १९४७ च्या कायद्याने गुन्हा ठरवले होते, त्यामुळे तिची पावती नव्हती, साक्षीदार नव्हता. ‘त्याचं नावही काढायचं नाही’, असे वकिलांनी सांगून ठेवले होते. पिंजऱ्यात उभे राहून अण्णांनी खरे सांगण्याची शपथ घेतली. समोर बसलेल्या मालकांनीही घेतली होती. दोघांना जी गोष्ट पक्की ठाऊक होती ती तेरा वर्षांच्या कागदपत्रांत कुठेही नाही.

१९७५ साली निकाल मालकांच्या बाजूने लागला. पोटमाळा तात्पुरता ठरला. पण गरज खरी ठरली. आम्ही अपील केले. ते त्याच न्यायालयातल्या दोन न्यायाधीशांपुढे चालते. अपिलाचा निकाल लागला १९८१ साली. तोवर मालकांचा मुलगा पस्तीस वर्षांचा झाला होता आणि एका बँकेत नोकरीला लागून त्याला नऊ वर्षे झाली होती. न्यायाधीशांनी विचारले, आता कशाला हवे दुकान? दावा फेटाळला गेला. अण्णांनी पेढे वाटले. मीही खाल्ले. आज मागे वळून पाहताना वाटते, की ज्या गरजेसाठी दावा लावला ती गरज दाव्याच्या लांबणीनेच संपवली. हा निकाल न्यायाधीशांच्या आधी कॅलेंडरने दिला होता.

हे सगळे मी भाडेकरूच्या मुलाच्या नजरेने सांगतो आहे. आता जिना चढून वर जाऊ. मालकांची तीन मजली इमारत १९४० पूर्वीची. भाडी १९४० ची. सिमेंट, लाकूड आणि गवंड्याची मजुरी मात्र ज्या त्या वर्षाची. भाड्याच्या उत्पन्नातून दुरुस्ती होईना आणि पावसाळ्यात सज्जे कोसळू लागले, तेव्हा १९६९ साली सरकारने कायदा करून मुंबई बेटावरील जुन्या इमारतींसाठी उपकर बसवला आणि दुरुस्ती मंडळ नेमले. अशा उपकरप्राप्त इमारती होत्या १९,६४२. त्यांतल्या पहिल्या गटाची सीमारेषा कोणती, तर पुन्हा तीच, १ सप्टेंबर १९४०. एका तारखेने भाडेही गोठवले आणि भिंतींचे वयही मोजले.

मालकांनी पळवाटा शोधल्या, त्याही आपल्या इतिहासाचा भाग आहेत. भाडेकरू नको म्हणून ‘लिव्ह अँड लायसन्स’ सुरू झाले. म्हणजे जागा वापरायची नुसती परवानगी, हक्क काही नाही. मग १९७३ साली कायद्यात दुरुस्ती झाली आणि १ फेब्रुवारी १९७३ रोजी ज्यांच्याकडे असा चालू परवाना होता ते सगळे भाडेकरू मानले गेले. एका तारखेला पाहुणा म्हणून झोपलेला माणूस उठला तो घरचा होऊन! त्या धक्क्याने कित्येक मालकांनी रिकाम्या जागांना कुलपे घातली. मोकळी राहिली तरी चालेल, पण देणे नको. भाडेकरूला वाचवणाऱ्या कायद्याने नव्या भाडेकरूची वाट अशी अरुंद केली.

हा पेच फक्त मुंबईचा नव्हता. दिल्लीच्या १९५८ च्या कायद्यात तर स्वतःच्या गरजेसाठी राहते घर परत मागता येई, दुकान मागता येत नसे. १९८५ साली सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने दिल्लीच्याच एका प्रकरणात सांगितले, की दुकानाचा भाडेहक्क भाडेकरूच्या मृत्यूनंतर वारसांकडे जातो. धंदा हे कुटुंबाचे पोट असते, हा त्यामागचा विचार. १९९५ साली संसदेने दिल्लीसाठी नवा भाडे कायदा संमत केला. राष्ट्रपतींची संमतीही मिळाली. पण व्यापाऱ्यांनी असा विरोध केला, की तो कायदा कधी अमलातच आला नाही. शेवटी २००८ साली सर्वोच्च न्यायालयानेच घर आणि दुकान हा भेद रद्द केला आणि दिल्लीच्या मालकाला दुकानही स्वतःच्या गरजेसाठी मागता येऊ लागले.

आपल्याकडे वळण आले ते डिसेंबर १९९७ मध्ये. १९४७ चा कायदा झाला तेव्हा रास्त होता, पण पन्नास वर्षांनंतरही १९४० च्या भाड्यावर अडून राहणे वाजवी नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. कायदा मात्र रद्द केला नाही, कारण त्याची मुदत ३१ मार्च १९९८ ला संपतच होती आणि नवा कायदा अपेक्षित होता. तो महाराष्ट्र भाडेनियंत्रण कायदा १९९९ म्हणून ३१ मार्च २००० पासून लागू झाला. त्याने भाड्यात वर्षाला चार टक्के वाढ मान्य केली. ३८ रुपयांवर चार टक्के म्हणजे दीड रुपया! बँका, सरकारी उपक्रम, बहुराष्ट्रीय कंपन्या आणि १ कोटी किंवा त्याहून अधिक भरणा भांडवल असलेल्या कंपन्यांचे संरक्षण काढून घेतले. लहान दुकानदाराचे राहिले. आणि ५६ व्या कलमाने पागडीला कायदेशीर वाट करून दिली. भाडेहक्क सोडताना भाडेकरूने मोबदला घ्यावा, तो हस्तांतरित होताना मालकानेही आपला वाटा घ्यावा, त्यात आता गुन्हा उरला नाही.

त्यानंतर न्यायालयांचा सूरही पालटला. दिल्लीच्या कॅनॉट सर्कसमधल्या एका जागेचे भाडे होते महिना ३७१ रुपये ९० पैसे. ताबा देण्याचा हुकूम झाल्यावर भाडेकरूने अपील करून स्थगिती मागितली, तेव्हा अपिलात महिना १५,००० रुपये भरायला सांगितले गेले. २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने ते योग्य ठरवले. अपील लांबवून स्वस्तात बसण्याची सोय त्याने आटली. २००९ साली हाच न्याय महाराष्ट्रातल्या एका प्रकरणात लागला आणि तिथला भाडेकरू खुद्द राज्य सरकार होते. पण पारडे सरसकट मालकाकडे झुकले असे नाही. केरळमधले एक भाड्याचे दुकान आगीत जळाले, तेव्हा २००१ साली दुकानाबरोबर भाडेहक्कही संपल्याचा निर्णय झाला होता. सांगलीतली एक जुनी इमारत महापालिकेने पाडली, तो वाद दिल्लीला पोहोचला आणि २०१४ साली तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तो जुना निर्णय चुकीचा ठरवला. भिंती गेल्या तरी जमीन आहे आणि जमीन आहे तोवर भाडेहक्क आहे. आपल्याकडच्या धोकादायक इमारतींतल्या दुकानदारांसाठी हे केवढे मोठे वाक्य आहे, हे वेगळे सांगायला नको.

आमच्या दुकानाचे काय झाले? अण्णा १९८९ साली गेले. थोरला भाऊ त्यांच्याबरोबर दुकानात बसत असे म्हणून भाडेहक्क त्याच्याकडे आला. मी कॉलेजात शिकवणारा, माझा हक्क नव्हता. २००४ साली भावाने दुकान सोडायचे ठरवले. मालकही तोवर वारले होते. त्यांचा मुलगा, तोच तो विजेच्या सामानाचे दुकान न काढलेला, निवृत्तीला आला होता. कागदपत्रे झाली. नव्या भाडेकरूकडून भावाला मोबदला मिळाला, मालकाला त्यांचा वाटा मिळाला आणि तो सगळा व्यवहार कागदावर, रकमेसकट, राजरोस लिहिला गेला.

नोंदणी कार्यालयात आमचा नंबर लागायला वेळ होता. जुनी कागदपत्रे लागतील म्हणून मी तो डबा बरोबर नेला होता. त्यांनी आत काय आहे ते विचारले. मी झाकण काढले. त्यांनी चष्मा लावून एकेक फॉर्म पाहिला आणि बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, “आमच्या घरात सगळे म्हणायचे, खालचे भाडे बुडवतात.”

मी म्हणालो, “आणि आमच्या घरात म्हणायचे, वरच्यांना पैशाचा माज आलाय.”

ते हसले नाहीत. म्हणाले, “माज कसला? पोस्टमन यायचा त्या दिवशी घरात किराण्याची ओढाताण असायची. बाबा आतल्या खोलीत जाऊन बसायचे. वकिलांनी सांगितलं होतं, नोटीस दिल्यावर भाडं घेतलंत तर नोटीस वाया जाईल.”

माझ्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर असे छत्तीस वर्षांनी, त्या बाकावर मिळाले. अण्णांना पाठवायला सांगितले होते त्यांच्या वकिलांनी; मालकांना नाकारायला सांगितले होते त्यांच्या वकिलांनी. दोघेही आपापल्या जागी कायदा पाळत होते. चाळीस पायऱ्यांच्या दोन टोकांना.

आमचे नाव पुकारले गेले तेव्हा त्यांनी एक फॉर्म बाजूला काढला आणि विचारले, “हा मी ठेवू का?” मी हो म्हटले. बाकीचे डब्यात आहेत.